हप्ता किती, बाकी किती?

(दहावी १९८८ च्या तुकडीच्या स्नेहमेळाव्यात, डिसेंबर २०२४ मध्ये, दुपारच्या सत्रात केलेले भाषण)



संयोजकांनी फोनवर सांगितले होते, "प्रत्येकाने आपापल्या क्षेत्रातले पंधरा मिनिटे बोलायचे." माझे क्षेत्र म्हणजे भोसरीतल्या एका कारखान्याची टूलरूम. डाय आणि फिक्स्चरवर पंधरा मिनिटे बोललो असतो, तर जेवणानंतरची तुमची झोप मात्र छान झाली असती. म्हणून विषय बदलून घेतला.

सकाळपासून आपण पुष्कळ बोललो. कुणाची साखर किती, कुणाचे गुडघे कधी बदलले, कुणाच्या मुलाला कितीचे पॅकेज मिळाले, सगळे कळले. पण कुणाच्या डोक्यावर किती कर्ज आहे, हे एकानेही सांगितले नाही. आपल्याकडे दुखणे सांगतात, कर्ज सांगत नाहीत. मी आज माझे सांगणार आहे. ते फिटले आहे, त्यामुळे सांगायला सोपे जाते, हेही कबूल करतो.

आज आपण छत्तीस वर्षांनी भेटतो आहोत, आणि आपल्यातल्या निम्म्यांचा गणिताशी छत्तीसचाच आकडा होता. तरी थोडे आकडे सहन करा. सर पहिल्या रांगेत बसले आहेत, चुकलो तर ते आजही उभे करतील.

सर, आठवीत तुम्ही चक्रवाढ व्याज शिकवले. त्या घटक चाचणीत मला पैकीच्या पैकी गुण होते. सूत्र आजही पाठ आहे. तोच मी, २००५ च्या जानेवारीत, चिंचवडला साडेबारा लाखांचा फ्लॅट घ्यायला निघालो आणि बँकेत दहा लाखांच्या कर्जाच्या कागदांवर सह्या करत बसलो. किती सह्या केल्या ते आठवत नाही, पण पेन बदलावे लागले. सगळ्या कागदांत मी एकच प्रश्न विचारला, "साहेब, हप्ता किती बसेल?"

साहेब म्हणाले, "नऊ हजार दोनशे सत्तर. पंधरा वर्षे."

पगार एकोणीस हजार होता. निम्मा पगार हप्त्यात जाणार, निम्म्यात घर चालवायचे. बसेल, म्हटले. ९,२७० गुणिले १८० किती होतात, हे मी त्या खुर्चीत बसून काढले नाही. १६ लाख ६८ हजार ६०० होतात. पैकीच्या पैकी गुण मिळवलेल्या मुलाने साधा गुणाकार केला नाही, कारण घर दिसत होते. खिडकी कुठे, देव्हारा कुठे, टीव्ही कुठे, हे दिसत होते. व्याज दिसत नव्हते.

व्याजाचा दर होता साडेसात टक्के. त्यापुढे एक शब्द होता, फ्लोटिंग. साहेबांनी सांगितले, "दर खाली आले तर फायदा तुमचाच." वर गेले तर काय, हे त्यांनी सांगितले नाही आणि मी विचारले नाही.

चार वर्षे हप्ता एकदाही चुकला नाही. महिन्याच्या पाच तारखेला खात्यातून पैसे जायचे आणि मला अभिमान वाटायचा. वडील एकदा राहायला आले होते. ते एसटीत कंडक्टर होते, तुमच्यापैकी बऱ्याच जणांना त्यांनी कोरेगावच्या स्टँडवर सुट्या पैशांवरून दम दिला असेल. जेवताना त्यांनी विचारले, "बाकी किती राहिली?" मी म्हटले, "हप्ता वेळेवर जातोय, दादा." ते काही बोलले नाहीत. आमटी वाढून घेतली.

जानेवारी २००९ मध्ये आयकरासाठी व्याजाचा दाखला आणायला बँकेत गेलो. त्याबरोबर खात्याचा उतारा मिळाला. तो मी शाखेतच उभ्या उभ्या वाचला. चार वर्षांत मी भरले होते ४ लाख ४४ हजार ९६० रुपये. मुद्दल कमी झाले होते सुमारे १ लाख ३१ हजार. व्याजाचा दर झाला होता साडेअकरा टक्के. आणि शेवटच्या ओळीत लिहिले होते, उरलेले हप्ते २४०.

दोनशे चाळीस म्हणजे वीस वर्षे. पंधरा वर्षांचे कर्ज, चार वर्षे इमानदारीने फेडले, आणि आता वीस वर्षे उरली!

मला वाटले, छपाईची चूक असणार. खिडकीवरच्या साहेबांनी शांतपणे समजावले. "दर वाढले की आम्ही हप्ता तोच ठेवतो आणि मुदत वाढवतो. ग्राहकाला महिन्याला त्रास नको. पत्रे पाठवली असतील तुम्हाला." पत्रे आली होती. लाइट बिलाच्या पिशवीत ठेवलेली घरी सापडली. करारातही सगळे लिहिलेले होते आणि त्याखाली माझी सही होती. कुणी मला फसवले असे मी म्हणणार नाही. मात्र जे कळायला हवे होते ते कळेल अशा भाषेत कुणी सांगितलेही नव्हते.

घरी आल्यावर मी बायकोला सांगितले नाही. दोन महिने सांगितले नाही. त्या फेब्रुवारीत मुलीच्या पाचवीच्या वर्गाची सहल होती. मी तिला सांगितले, घाटातला रस्ता बरा नाही, पुढच्या वर्षी जा. रस्ता चांगला होता. माझ्या डोक्यात ते दोनशे चाळीस होते, आणि सहलीचे पैसे वाचवून त्यातला एकही कमी होणार नव्हता, हे कळत असूनही मी नाही म्हटले.

शेवटी बायकोला उतारा दाखवला. तिने तो दोनदा वाचला आणि विचारले, "हप्ता वाढवला तर किती वर्षे?" इतका साधा प्रश्न मला बँकेत सुचला नव्हता. दुसऱ्या दिवशी विचारून आलो. ९,२७० ऐवजी १२,००० भरले, तर त्याच दराने वीस वर्षांची सव्वादहा वर्षे होत होती. महिन्याला २,७३० रुपये जास्त, आणि जवळजवळ दहा वर्षे कमी. आम्ही हप्ता वाढवला. दर दिवाळीला बोनसमधले पंचवीस हजार मुद्दलात भरले. पुढे दरही थोडे उतरले. २०१६ च्या पावसाळ्यात कर्ज संपले. दहा लाखांचे एकूण सुमारे सतरा लाख भरले. २००९ साली गप्प बसलो असतो तर जवळजवळ सत्तावीस लाख भरले असते आणि अजून चार वर्षे, म्हणजे जानेवारी २०२९ पर्यंत, भरत बसलो असतो.

असे होते कसे? सर, आता फळ्यावरचा भाग.

कर्जाचा हप्ता दर महिन्याला सारखा दिसतो, पण आतून तो सारखा नसतो. आधी त्या महिन्याचे व्याज कापून घेतले जाते, आणि जे उरेल तेच मुद्दलात जाते. आजच्या भावाचे उदाहरण घेऊ, कारण आता कर्ज घेण्याची पाळी आपल्या मुलांची आहे. पन्नास लाख रुपये, साडेआठ टक्के, वीस वर्षे. हप्ता बसतो ४३,३९१. पहिल्या महिन्यात त्यातले ३५,४१७ व्याजाचे आणि ७,९७४ मुद्दलाचे. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला जवळजवळ बारा वर्षे लागतात. पाच वर्षांत आपण भरतो २६ लाख, आणि बाकी उरते ४४ लाख. मुद्दल निम्मे व्हायला जवळजवळ चौदा वर्षे जातात. वीस वर्षांत एकूण भरणा १ कोटी ४ लाख. म्हणजे एक घर आपले आणि तेवढ्याच किमतीचे दुसरे घर व्याजाचे.

आता मुदत तीस वर्षे केली तर? हप्ता होतो ३८,४४६. महिन्याला पाच हजार कमी, म्हणून बरे वाटते. एकूण भरणा मात्र होतो १ कोटी ३८ लाख. महिन्याच्या पाच हजारांच्या सवलतीसाठी शेवटी चौतीस लाख जास्त.

दर वाढला तर काय होते, हे आपल्यातल्या काहींनी नुकतेच पाहिले आहे. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो दर ४ टक्क्यांवरून साडेसहा टक्क्यांवर नेला. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी फ्लोटिंग गृहकर्जे अशा बाहेरच्या दराला, बहुतेक वेळा रेपोलाच, जोडलेली असतात. समजा, कुणी २०२१ मध्ये तीस लाख रुपये ७ टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतले. हप्ता २३,२५९. वर्षभर भरल्यावर बाकी राहिली २९ लाख २८ हजार. आता दर साडेनऊ झाला असे धरा. महिन्याचे व्याजच २३,१८५ होते. हप्त्यातून मुद्दलात जातात फक्त चौऱ्याहत्तर रुपये. हप्ता वाढवला नाही तर असे कर्ज फिटायला साठ वर्षे लागतील. कागदावर माणूस नियमित हप्ता भरणारा, आणि कर्ज आहे तिथेच.

म्हणून रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ ला बँकांना सांगितले की दर बदलताना ग्राहकाला विचारा, हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे. मुदत वाढवताना व्याजच भागत नाही अशी वेळ आणू नका. दर तिमाहीला किती मुद्दल गेले, किती व्याज गेले, किती हप्ते उरले, याचा उतारा द्या. माझ्या वेळी हे असते तर मला दोनशे चाळीसचा धक्का बसला नसता. पण नियम असून उपयोग काय, तो उतारा लाइट बिलाच्या पिशवीत गेला तर?

दुसरी गोष्ट माहीत असू द्या. फ्लोटिंग दराचे गृहकर्ज मुदतीआधी फेडले तर बँकांनी दंड घ्यायचा नाही, हा नियम २०१२ पासून आहे. सुरुवातीच्या वर्षांत भरलेल्या जादा रुपयाचे काम किती मोठे असते, ते पाहा. त्याच पन्नास लाखांच्या कर्जात पहिले वर्ष संपताना एक लाख जादा भरले, तर शेवटचे अकरा हप्ते वाचतात. तोच लाख पंधराव्या वर्षी भरला तर साडेतीनच हप्ते वाचतात. दर वर्षी एक हप्ता जादा भरला, म्हणजे बाराऐवजी तेरा, तर वीस वर्षांचे कर्ज सतरा वर्षांच्या आतच संपते आणि सुमारे दहा लाख वाचतात. मात्र जादा पैसे भरताना लिहून द्या की हप्ता तोच ठेवा आणि मुदत कमी करा. नाही तर हप्ता कमी होईल आणि मुदत तशीच राहील.

आता वर्गातले हुशार हात वर करतील. "वीस वर्षांनंतरच्या रुपयाला आजची किंमत कुठे असणार?" खरे आहे. माझा ९,२७० चा हप्ता २००५ साली निम्मा पगार होता, पुढे तो तितका जड राहिला नाही. महागाई कर्जदाराच्या बाजूने असते, पण ती हळूहळू बाजू घेते. घर जड जाते ते पहिल्या सात-आठ वर्षांत, आणि मुले लहान असतात तीही त्याच वर्षांत.

"कर वाचतो की!" हेही ऐकतो. जुन्या करपद्धतीत स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत सूट आहे. नव्या करपद्धतीत अशा घराला ती मिळत नाही. आणि मिळाली तरी तीस टक्क्यांच्या टप्प्यातल्या माणसाचे एक रुपया व्याजावर तीस पैसे वाचतात, सत्तर पैसे जातातच.

"घराची किंमत वाढली ना?" वाढली. माझ्या फ्लॅटचीही वाढली. पण मी तिथे राहतो. तो विकला तर राहायला दुसरा त्याच वाढलेल्या भावाने घ्यावा लागेल. राहत्या घराचा नफा पाहुण्यांना सांगायला बरा असतो.

आणि एक उलटा इशाराही देतो, कारण माझे ऐकून उद्या कुणी सगळी पुंजी बँकेत नेऊन भरेल. तसे करू नका. २०२० मध्ये टाळेबंदीत आपल्या एका वर्गमित्राचे काम बंद झाले. त्याच्या आदल्याच वर्षी त्याने हातातले सगळे पैसे कर्जात भरले होते. कर्ज कमी झाले होते, पण घरात पैसे नव्हते. रिझर्व्ह बँकेने दिलेली सहा महिन्यांची हप्त्याची सवलत त्याने घेतली. त्या काळातले व्याज मात्र थांबले नाही, ते बाकीत चढत गेले. तेव्हा सहा महिन्यांचा घरखर्च आणि हप्ते बाजूला ठेवा, कमावत्या माणसाचा विमा काढा, क्रेडिट कार्डाची थकबाकी असेल तर ती आधी मिटवा, आणि मगच जादा भरा. आपल्या वयाच्या कुणाचे कर्ज निवृत्तीच्या पुढे जात असेल, तर त्याने याच आठवड्यात उतारा मागवावा.

आता शेवटचे. या वर्षी माझ्या मुलीने आणि जावयाने पुण्यात घर घ्यायचे ठरवले. पन्नास लाखांचे कर्ज, तीस वर्षे. मघाचे आकडे मी आधी त्यांच्यासाठीच काढले होते. मी तावातावाने सांगायला बसलो आणि सांगता सांगता २००९ चा सगळा किस्सा बाहेर आला. मुलगी ऐकत होती. शेवटी म्हणाली, "म्हणून मला सहलीला पाठवलं नव्हतंत?"

पंधरा वर्षे तिने ते लक्षात ठेवले होते. मी हो म्हटले. माझ्या दृष्टीने त्या कर्जाचे खरे व्याज ते होते, आणि ते कुठल्याच उताऱ्यावर छापलेले नव्हते.

जावई मात्र गणितात माझ्यापेक्षा बरा निघाला. तो म्हणाला, "बाबा, आमच्या नोकऱ्यांचा भरवसा नाही. वीसची मुदत घेतली आणि एकाची नोकरी गेली तर मोठा हप्ता चुकवता येणार नाही. आम्ही मुदत तीसची घेतो, पण भरतो वीसच्या हिशेबाने. अडचण आली तर लहान हप्त्यावर येऊ." मला मान्य करावे लागले. जादा भरण्यावर दंड नाही, म्हणून हे जमते. अट एकच, शिस्त सुटता कामा नये. शिस्त सुटली की ते चौतीस लाख दारात उभे.

त्या शिस्तीसाठी मी त्यांना एक भेट दिली. वडील गेल्यावर त्यांच्या पेटीत एक वही सापडली होती. बहिणीच्या लग्नासाठी १९८५ साली त्यांनी पतसंस्थेतून कर्ज काढले होते, त्याचा हिशेब. शाईच्या पेनाने आखलेले तीन रकाने. तारीख, कपात, बाकी. दर महिन्याची बाकी लिहून तिच्याखाली एक रेघ. शेवटच्या पानावर शून्य आणि त्याखाली दोन रेघा. सातवी शिकलेल्या कंडक्टरला दर महिन्याला माहीत असायचे की आपण अजून किती देणे लागतो. त्याच्या डिप्लोमा झालेल्या मुलाला चार वर्षे माहीत नव्हते. त्यांनी जेवताना बाकी विचारली होती आणि मी हप्त्याचे उत्तर दिले होते.

मुलीला मी तशीच दोनशे पानी वही आखून दिली. रकाने पाच केले. महिना, भरले, व्याज, मुद्दल, बाकी. ती म्हणाली, "बाबा, हे मोबाइलवर दिसतं." मी म्हटले, "दिसतं, पण बघणार कोण? हाताने लिही." चार महिने लिहिते आहे. मागच्या आठवड्यात तिचा फोन आला, "बाबा, पन्नास लाखांचे एकोणपन्नास झाले नाहीत अजून." मला बरे वाटले. तिला बाकी माहीत आहे.

चहानंतर मी मागच्या व्हरांड्यात, आपल्या जुन्या दहावी 'ब' च्या वर्गाबाहेर बसणार आहे. ज्याला आपला उतारा दाखवायचा असेल त्याने यावे. कॅल्क्युलेटर आणला आहे. लाज वाटू देऊ नका, आपण एकमेकांची प्रगतिपुस्तके पाहिलेली माणसे आहोत. आणि सर, तुम्हीही या. माझा गुणाकार बरोबर आहे का, ते एकदा तपासून द्या. २००५ मध्येच तपासून घ्यायला हवा होता.